गाणाऱ्याचं नाव

नागपूरचं हिस्लॉप कॉलेज आपल्याकडे सगळ्यांना माहीत आहे. वर्धा, हिंगणघाट, आर्वीकडची कितीतरी मुलं तिथं शिकून मोठी झाली. ज्यांच्या नावानं हे कॉलेज आहे ते स्टीफन हिस्लॉप मात्र फारसे कुणाला ठाऊक नसतात. स्कॉटलंडचे हे पाद्री १८४५ मध्ये नागपुरात आले. शाळा काढली, मराठी शिकले, दगडांचा आणि जीवाश्मांचा नाद लागला म्हणून रानोमाळ हिंडले. ४ सप्टेंबर १८६३ ला टाकळघाटची प्राचीन शिळावर्तुळं पाहून घोड्यावरून बोरीकडे परतत असताना पुराच्या पाण्यात त्यांचा अंत झाला. वर्ध्याहून नागपूरला जाताना बुटीबोरी लागते ना, त्याच भागातली ही गोष्ट.

त्यांच्यामागे कागदांचं एक बाड राहिलं. मध्य प्रांताचे त्या वेळचे मुख्य आयुक्त रिचर्ड टेंपल यांनी ते नीट लावून १८६६ मध्ये नागपुरातूनच छापलं. मध्य प्रांतातल्या आदिवासींविषयीचे हे टिपण-कागद. त्यात एक लांबलचक गोंडी गाणं आहे, लिंगोचं. गोंडी शब्द रोमन लिपीत आणि त्यांचा इंग्रजी अर्थ. गोंड कसे जन्मले, महादेवानं त्यांना गुहेत कसं कोंडून ठेवलं, लिंगोनं त्यांना कसं सोडवलं, शेती कशी शिकवली, चार देव, पाच देव, सहा देव, सात देव अशी कुळांची व्यवस्था कशी लावून दिली, असं सगळं त्या गाण्यात येतं. दर माघ पौर्णिमेला गोंदिया जिल्ह्यातल्या कचारगडच्या गुहेपाशी लाखो गोंड जमतात, ते याच कथेच्या श्रद्धेनं.

आता माझा प्रश्न असा. हे गाणं हिस्लॉपना कुणी सांगितलं?

पुस्तकात उत्तर आहे, पण अर्धंच. एका परधानानं सांगितलं. परधान म्हणजे गोंडांचे भाट. हातात किंगरी घेऊन ठरावीक वर्षांनी आपल्या गोंड यजमानाच्या घरी जायचं, त्याच्या कुळाची आणि पेनाची, म्हणजे देवाची, कथा गायची, दान घ्यायचं. लिहिलेली पोथी नाही, सगळं पाठ. इतकं मोठं गाणं ज्याच्या तोंडात होतं, त्याला आपण आज कवी म्हटलं असतं, विद्वानही म्हटलं असतं. कारण कुळांचा इतिहास, देवांची वंशावळ, लग्नाचे नियम हे सगळं तोच सांभाळत होता. पण त्याची ओळख 'एक परधान' एवढ्यावर संपते. ऐकून लिहिणाऱ्याच्या नावानं कॉलेज उभं राहिलं, आणि ज्यानं सांगितलं त्याचं गावही कळत नाही.

हिस्लॉपना दोष देण्यात अर्थ नाही. त्या काळी असे कागद करणाऱ्यांची रीतच तशी होती. शिवाय त्यांनी लिहून घेतलं नसतं तर ते गाणं त्या रूपात आज आपल्यासमोर नसतं. पण या गाण्याचं पुढं काय झालं तेही पाहण्यासारखं आहे. जेम्स फोर्सिथ नावाचा एक इंग्रज अधिकारी होता, सातपुड्याच्या जंगलांत फिरलेला. मध्य हिंदुस्थानातल्या डोंगराळ मुलखावर त्याचं पुस्तक १८७१ मध्ये आलं. त्यात त्यानं लिंगोचं हे गाणं इंग्रजी पद्यात बसवलं, आणि छंद घेतला लाँगफेलोच्या 'हायावाथा' या काव्याचा. लाँगफेलो अमेरिकन गोरा कवी. तिथल्या मूळ रहिवाशांच्या, म्हणजे ज्यांना आपण रेड इंडियन म्हणत आलो त्यांच्या कथा घेऊन त्यानं १८५५ मध्ये ते काव्य लिहिलं. त्याचा छंदही मूळचा फिनलंडच्या 'कालेवाला'चा. म्हणजे आमच्या इकडच्या परधानाचं गाणं अमेरिकेच्या गोऱ्या कवीनं फिनलंडहून आणलेल्या चालीवर लंडनच्या वाचकाला ऐकवलं गेलं. गाणं एवढं फिरलं, गाणारा जागच्या जागी राहिला.

या गोष्टीत आपल्या वर्ध्याचाही एक धागा आहे. १९३१ च्या सुमारास व्हेरिअर एल्विन हा ऑक्सफर्डला शिकलेला तरुण गांधीजींच्या प्रभावानं काहीतरी काम करायचं म्हणून हिंडत होता. जमनालाल बजाज यांनी त्याला सुचवलं की गोंडांसाठी कुणीच काही करत नाही, तिकडे जा. १९३२ च्या जानेवारीत एल्विन आणि त्याचा मराठी सोबती शामराव हिवाळे मंडला जिल्ह्यातल्या करंजिया गावी जाऊन राहिले. पुढं एल्विन गांधीजींच्या वाटेपासून दूर गेला. आदिवासींना सूतकताई आणि दारूबंदी शिकवण्यापेक्षा त्यांच्याकडून शिकावं असं त्याचं मत झालं. ते एक वेगळंच प्रकरण आहे, असो. आपल्या विषयापुरतं महत्त्वाचं हे, की या दोघांनी मिळून १९३५ मध्ये गोंडांच्या गीतांचं इंग्रजी पुस्तक काढलं आणि १९४४ मध्ये मैकल डोंगरातल्या लोकगीतांचं. १९४६ मध्ये हिवाळ्यांनी एकट्यानं परधानांवर ग्रंथ लिहिला. परधानांवरचा एवढा मोठा ग्रंथ एका मराठी माणसाच्या हातून झाला, पण इंग्रजीत. मराठी शाळेत शिकलेल्या किती लोकांनी शामराव हिवाळे हे नाव ऐकलं असेल? परधानाच्या नशिबी जे आलं तेच थोड्या प्रमाणात त्याच्यावर लिहिणाऱ्या मराठी माणसाच्याही आलं. एल्विन सगळ्यांना माहीत, हिवाळे तळटीपेत.

इथून थोडं अमेरिकेत जाऊ, कारण तिथं हीच गोष्ट वेगळ्या वळणानं घडली.

चेरोकी ही तिथली एक मोठी जमात. त्यांच्यात सिक्वोया नावाचा एक चांदीकाम करणारा कारागीर होता. त्याला इंग्रजी लिहिता-वाचता येत नव्हतं. पण गोरे लोक कागदावर बोलतात, मग आपण का नाही, असं त्याच्या मनानं घेतलं. बारा-एक वर्षं डोकं घालून त्यानं १८२१ च्या सुमारास चेरोकी भाषेच्या एकेका अक्षरध्वनीसाठी एकेक चिन्ह तयार केलं. साधारण पंच्याऐंशी चिन्हं. काही वर्षांतच हजारो चेरोकी आपल्या भाषेत लिहू-वाचू लागले. २१ फेब्रुवारी १८२८ ला त्यांचं 'चेरोकी फिनिक्स' हे वर्तमानपत्र निघालं, चेरोकी आणि इंग्रजी दोन्ही भाषांत. ही तारीख लिहिताना मला 'दर्पण' आठवतं. बाळशास्त्री जांभेकरांचं 'दर्पण' १८३२ चं. म्हणजे चेरोकींचं वर्तमानपत्र मराठी वर्तमानपत्रापेक्षा चार वर्षांनी वडील आहे.

पण लिपी आणि छापखाना हाती असूनही जमीन वाचली नाही. १८३० मध्ये अमेरिकेनं मूळ रहिवाशांना मिसिसिपी नदीपलीकडे हलवण्याचा कायदा केला. १८३८-३९ मध्ये सोळा हजारांच्या आसपास चेरोकींना सैन्याच्या पहाऱ्यात पश्चिमेकडे, आजच्या ओक्लाहोमात, हाकलत नेलं. थंडी, भूक, आजार यांनी वाटेत आणि छावण्यांत सुमारे चार हजार माणसं गेली असं मानतात. त्या वाटेला 'अश्रूंची वाट' म्हणतात.

या लोकांतून पुढं इंग्रजीत लिहिणारे कवी झाले, आणि त्यांतले बरेच जण विद्यापीठात शिकवणारे. गिअरी हॉब्सन हे त्यांतले एक. चेरोकी आणि क्वापॉ वंशाचे, कवी, आणि ओक्लाहोमा विद्यापीठातले प्राध्यापक. १९७९ मध्ये त्यांनी अमेरिकेतल्या मूळ रहिवाशांच्या समकालीन साहित्याचा एक मोठा संग्रह संपादित केला. त्यात त्यांचा स्वतःचा एक परखड लेखही आहे. त्या काळी काही गोरे कवी स्वतःला आदिवासींचे 'शामान' समजून कविता लिहायला लागले होते. शामान म्हणजे आपल्याकडच्या गोंड गावातला भुमका म्हणा. देवाशी बोलणारा, रोग काढणारा. आमचा भुमका कोण हे आम्ही ठरवू, तुम्ही पुस्तकं वाचून भुमका होऊ नका, असा त्या लेखाचा रोख आहे. आमची जमीन घेतलीत, आता आवाजही घेता काय, हा त्यामागचा राग.

आता त्याच १९७९ सालात परत आपल्याकडे या. जामच्या चौरस्त्यावरून चंद्रपूरची वाट धरली की वरोऱ्यानंतर भद्रावती लागतं. त्या भद्रावतीला १९७९ मध्ये पहिलं आदिवासी साहित्य संमेलन भरलं. ओक्लाहोमाला भद्रावतीची आणि भद्रावतीला ओक्लाहोमाची खबर असणं कठीणच. पण दोन्हीकडे माणसं एकाच गोष्टीपाशी पोचली होती. आमच्याबद्दल पुष्कळ लिहून झालं, आता आम्ही लिहू.

दलित साहित्याची चळवळ त्याआधी दहा-पंधरा वर्षं जोरात होती आणि तिनं वाट मोकळी केली होती हे खरं. पण आदिवासी लेखकांचं म्हणणं थोडं वेगळं होतं. त्यांच्या बोलण्यात जंगल होतं, भाषा हरवण्याचं दुःख होतं, आणि आपले प्रश्न आपल्यालाच मांडू दिले जात नाहीत ही तक्रार होती. शहाद्याकडचे भिल्ल कवी वाहरू सोनवणे श्रमिक संघटनेच्या लढ्यातून पुढं आले. त्यांची 'स्टेज' ही कविता पुष्कळांना माहीत असेल. आदिवासींच्या नावानं सभा भरते, व्यासपीठावर दुसरेच बसून त्यांचं दुःख सांगतात आणि ज्यांचं दुःख ते समोर गप्प बसतात, असा तिचा आशय. १८६६ च्या पुस्तकात त्या परधानाचं जे झालं तेच सव्वाशे वर्षांनी सभेच्या मांडवात चाललं होतं. सोनवण्यांचा 'गोधड' हा संग्रह १९८७ चा. १९९० मध्ये पालघरच्या पाचव्या आदिवासी साहित्य संमेलनाचे ते अध्यक्ष होते.

आपल्या विदर्भातून याच वेळी दोन नावं पुढं आली. एक विनायक तुमराम, दुसरे भुजंग मेश्राम.

तुमरामांचा 'गोंडवन पेटले आहे' हा काव्यसंग्रह १९८७ चा. नावातच सगळं आलं. गोंडवन म्हणजे गोंडांचं वन, आणि गोंडवन म्हणजे गोंडवानाही. चंद्रपूर आणि देवगडच्या गोंड राजांचा मुलूख. नागपूर शहर वसवलं ते देवगडच्या बख्त बुलंद शाहानं, अठराव्या शतकाच्या अगदी सुरुवातीला. १८५८ च्या ऑक्टोबरात चांद्याला फाशी गेलेले बाबुराव शेडमाके हेही गोंडच. असा राज्य केलेला आणि लढलेला समाज शाळेच्या पुस्तकात मात्र नाच करणारा एवढाच उरला. त्या समाजातला कवी 'पेटले आहे' म्हणतो, तेव्हा त्याला हा इतिहास डोळ्यासमोर धरूनच वाचावं लागतं.

भुजंग मेश्रामांचा (१९५८-२००७) 'उलगुलान' १९९० मध्ये आला. उलगुलान हा शब्द मराठी नाही, गोंडीही नाही. १८९९-१९०० मध्ये बिरसा मुंडानं राँचीच्या जंगलात इंग्रजांविरुद्ध जे बंड उभारलं त्याचा हा मुंडांचा शब्द. महाराष्ट्रातल्या कवीनं हजार किलोमीटरवरचा शब्द उचलून मराठी पुस्तकाच्या कपाळावर लावला. माझे भाऊबंद तिथंही आहेत, असं सांगणं त्यात आहे. त्यांच्या मृत्यूनंतर २००८ मध्ये 'अभुज माड' हा संग्रह निघाला. हे नाव बस्तरच्या दुर्गम डोंगरांचं. त्यांच्या मराठीत आदिवासी भाषांचे शब्द सरळ येऊन बसतात, पाहुण्यासारखे अवघडून नव्हे. वाचताना अडखळायला होतं. मला वाटतं ते अडखळणंही कवीला हवं होतं. आजवर अडखळायचं काम फक्त आदिवासी मुलानंच केलं ना!

तुमरामांकडे परत येतो, कारण माझा मुख्य मुद्दा त्यांच्यापाशी आहे. ते कवी आहेत आणि प्राध्यापकही. नुसती कविता लिहून ते थांबले नाहीत. आदिवासी साहित्याचं स्वरूप काय, त्याची समीक्षा कशी करावी, यावर त्यांनी ग्रंथ लिहिले. संमेलनांच्या चळवळीत राहिले. आणि २००३ मध्ये 'शतकातील आदिवासी कविता' हा संग्रह संपादित केला. यातला 'शतक' हा शब्द महत्त्वाचा. आदिवासी कविता १९७९ मध्ये एकाएकी उगवली नाही, तिच्यामागे शंभर वर्षं आहेत, असा तो दावा आहे.

कुसुमाग्रजांना किंवा मर्ढेकरांना स्वतःच्या कवितेची समीक्षा स्वतः करत बसावं लागलं नाही. त्यासाठी संपादक होते, समीक्षक होते, विद्यापीठं होती, क्रमिक पुस्तकं होती. आदिवासी कवीला यातलं काही तयार मिळालं नाही. त्याची कविता कोणत्या मापानं मोजायची हे माप करणाराही त्यालाच व्हावं लागलं. जुन्या लोकांच्या विखुरलेल्या कविता हुडकायच्या, छापायच्या, त्यांची नावं टिकवायची, नव्या मुलांना उभं करायचं, आणि उरलेल्या वेळात स्वतःची कविता लिहायची. कवी आणि प्राध्यापक एकाच माणसात का एकत्र येतात, ओक्लाहोमात का आणि विदर्भात का, याचं उत्तर मला यात दिसतं. आणि नीट पाहिलं तर हे नवीन नाही. कुळाचा इतिहास जपणारा आणि तो गाणारा परधान हा हेच दुहेरी काम करत होता. फरक एवढाच की आता पुस्तकावर नाव आलं.

एक मोठं दुखणं राहतंच, भाषेचं. हे सगळे कवी मुख्यतः मराठीत लिहिते झाले. का? आपल्या वर्धा जिल्ह्याकडे पाहिलं तरी कळतं. दर शंभरात अकरा-बारा माणसं अनुसूचित जमातींची. सेलू, कारंजा, आर्वीकडच्या गावांत गोंड, कोलाम आहेत. मी शिकवत असताना हजेरीपटावर उईके, मडावी, कुमरे, आत्राम, तुमराम, मसराम अशी नावं असायची. मेश्रामही असत. हे आडनाव आपल्याकडे बौद्धांतही आहे आणि गोंडांतही. यातल्या बहुतेक मुलांच्या घरी मराठीच बोलली जाई, आपली वऱ्हाडी-नागपुरी. गोंडी येते का विचारलं तर आजीला येत होती असं सांगत, काही जण तेही सांगायला लाजत. आजीची भाषा सांगायला लाज वाटावी, ही शिकवण त्यांना कोणत्याही एका धड्यातून मिळाली नव्हती. सगळ्या वातावरणातूनच मिळाली होती.

गोंडीला लिपी नाही म्हणून ती मागे पडली, असं पुष्कळदा म्हणतात. ते काही पूर्ण खरं नाही. १९१८ मध्ये बालाघाटच्या मुन्शी मंगलसिंग मसराम यांनी गोंडीसाठी लिपी तयार केली. सिक्वोयासारखंच एकट्या माणसाचं काम. तिकडे आदिलाबाद जिल्ह्यातल्या गुंजाळा गावात तर वेगळ्याच लिपीतली जुनी गोंडी हस्तलिखितं २००६ मध्ये उजेडात आली. दोन्ही लिप्यांना २०१७ आणि २०१८ मध्ये युनिकोडमध्ये जागा मिळाली, म्हणजे आता त्या संगणकावर टाइप करता येतात. आदिलाबादेतच १९४० मध्ये कुमराम भीम निजामाच्या पोलिसांच्या गोळीनं पडला. त्यानंतर निजाम सरकारनं हायमेनडॉर्फ या मानववंशशास्त्रज्ञाला बोलावलं आणि मारलावाई गावी गोंड शिक्षक तयार करण्याचं केंद्र निघालं. तिथली गोंडी वाचनमाला देवनागरीत छापली होती. म्हणजे प्रयत्न वेळोवेळी झाले.

२०११ च्या जनगणनेत गोंडी मातृभाषा सांगणारे सुमारे तीस लाख आहेत, आणि गोंडांची संख्या एक कोटीच्या वर. राज्यघटनेच्या आठव्या अनुसूचीत गोंडी नाही. याहून कितीतरी कमी लोक बोलतात अशा भाषा त्या यादीत आहेत. लिपी हाती असली की भाषा वाचते असंही नाही. दोनशे वर्षांची लिपी असलेल्या चेरोकी भाषेसाठी त्यांच्या तिन्ही शाखांच्या परिषदेला २०१९ मध्ये आणीबाणी जाहीर करावी लागली, कारण जन्मापासून ती बोलणारे दोनेक हजारच उरले होते. भाषा घरात आणि शाळेत बोलली गेली तरच टिकते. गोंडी शाळा काढण्याचे प्रयत्न आता गावांतून, ग्रामसभांतून होत आहेत. ते वाढोत.

पण तोवर मराठीत लिहिणाऱ्या आदिवासी कवींना कमी लेखायचं कारण नाही. त्यांनी मराठीला दिलं ते मराठीनं मोजून ठेवायला हवं. त्यांच्यामुळे 'उलगुलान', 'पेन', 'गोंडवन' हे शब्द आपल्या कवितेत आले. आपल्या विदर्भाच्या इतिहासात गोंड राजांच्या किल्ल्यांपलीकडे गोंड माणूस दिसायला लागला.

आजही गावोगाव मुलं मोबाइलवर म्हाताऱ्यांची गाणी टिपतात, संशोधक प्रबंधासाठी हिंडतात. चांगलं काम आहे. फक्त खाली 'पारंपरिक लोकगीत' एवढंच लिहून मोकळं होऊ नये. गाणाऱ्या बाईचं किंवा बुवाचं नाव त्यांना विचारून लिहावं, गाव लिहावं, तारीख घालावी. हिस्लॉपच्या हातून ते राहिलं, १६० वर्षं होऊन गेली. आता तो परधान कोण, हे सांगणारं कुणी उरलेलं नाही.